आरसा वापरात आहे

मध्यभारत राज्याच्या शेवटच्या उन्हाळ्यात, एका शनिवारी दुपारी तीन वाजता, शिक्षणखात्याचे एक इन्स्पेक्टर इंदूरच्या स्नेहलतागंजातल्या मध्यभारत प्रतिबिंब विद्यालयाच्या तपासणीसाठी आले. चार वाजून दहा मिनिटांपर्यंत त्यांची आठ भजी खाऊन झाली होती. नववं अर्धं हातात असताना विद्यालयाचे संस्थापक उठून उभे राहिले आणि त्यांनी एक निवेदन केलं. तपासणी तिथेच थांबली.

हे संस्थापक म्हणजे माझ्या पत्नीचे मामा. आम्ही त्यांना मामासाहेब म्हणत असू. मी तेव्हा इंदूरच्या एका दैनिकात बातमीदार होतो. त्या धंद्यात पाहिलेली सगळी माणसं जमेस धरून लिहितो, की प्रतिबिंबाला माणसापेक्षा वरचं मानणारा माणूस अवघ्या मध्यभारतात हा एकच होता. माणसांना, मग तो कलेक्टर असो की दूधवाला, ते 'तुम्ही' म्हणत. 'आपण' हा शब्द त्यांनी आरशातल्या मंडळींसाठी राखून ठेवला होता.

संस्थानाच्या काळात मामासाहेब राजवाड्याच्या फराशखान्यात नोकरीला होते. गालिचे, झुंबरं आणि आरसे सांभाळणारं हे खातं. त्यातले आरसे मामासाहेबांकडे होते. तीस वर्षं त्यांनी ते पुसले. दरबारी माणसाने मानकऱ्यांकडे पाठ करायची नाही हा तिथला शिरस्ता, आणि आरशात सदैव कोणी ना कोणी मानकरी असणारच, म्हणून मामासाहेब आरशाकडे तोंड ठेवून उलट पावलांनी खोलीबाहेर पडत. नोकरी गेल्यावरही ही सवय गेली नाही. आमच्या घरी दाराजवळ आरशाचं कपाट होतं. चहा घेऊन निघाले की मामासाहेब कपाटाकडे तोंड करून मागे मागे सरकत आणि उंबऱ्याला अडखळून चपलांच्या ढिगात बसत. असं दोनदा झाल्यावर, ते येणार असले की माझी पत्नी कपाटावर चादर टाकू लागली. दाढी ते खाली मान घालून करत. वर टक लावून पाहणं बरं दिसत नाही, असं त्यांचं म्हणणं. त्यामुळे त्यांच्या हनुवटीवर तुरटीचे पांढरे ठिपके कायम असत. कृष्णपुऱ्यातल्या एका सलूनमध्ये समोरासमोर दोन आरसे लावले होते. तिथे खुर्चीवर बसून मामासाहेबांनी मान वर केली, तर समोर मामासाहेबांची रांगच्या रांग. ते ताडकन उठून उभे राहिले.

"क्या हुआ, बाबूजी? बैठो ना." न्हावी म्हणाला.

"समोर एवढी मंडळी असताना मी बसून राहू?"

न्हाव्याने आरशात पाहिलं. "पर बाबूजी, आप बैठोगे तो वो भी सब बैठ जाएँगे. आपके मारे सब खड़े हैं बिचारे."

मामासाहेब तात्काळ बसले. पुढे ते या न्हाव्याला विद्यालयाचा बाहेरचा परीक्षक म्हणत. ही नेमणूक न्हाव्याला कळवली होती का, ते समजलं नाही.

संस्थान मध्यभारतात विलीन झालं तेव्हा राजवाड्याच्या एका भागात सरकारी कचेऱ्या आल्या. दिवाणखान्यातला मोठा आरसा फायलींच्या कपाटांच्या आड येऊ लागला. साडेसात फूट उंच, सागवानी चौकट, खालच्या कोपऱ्यात कलई उडून झालेला पपईएवढा काळा डाग. नव्या अधिकाऱ्याने मामासाहेबांना सांगितलं की पुढचा हुकूम येईपर्यंत हा तुमच्याकडे ठेवा, आणि तसं चिठ्ठीवर लिहून दिलं. आरसा स्नेहलतागंजात आला. तो आत घेण्यासाठी मामासाहेबांच्या भाड्याच्या दोन खोल्यांतल्या पुढच्या खोलीचं दार चौकटीसकट काढावं लागलं. मामीसाहेबांनी कमरेवर हात ठेवून हे सगळं पाहिलं आणि म्हणाल्या, "आता आपण झोपायचं कुठे, ते पण त्यालाच विचारा."

त्याच वर्षी आरशासमोर विद्यालय सुरू झालं. 'येथे प्रतिबिंबांचे शास्त्रोक्त व सिद्ध अध्ययन होते' अशी पाटी दारावर लागली. अभ्यासक्रम चार वर्षांचा होता. पहिल्या वर्षी पाणी, दुसऱ्या वर्षी पितळ, तिसऱ्या वर्षी तेल, चौथ्या वर्षी काच. विद्यार्थी बहुतेक पेन्शनर. पहिल्या वर्षाचा वर्ग कृष्णपुऱ्यात राजघराण्याच्या समाध्यांवरच्या दगडी छत्र्यांखाली नदीकाठी भरे. विद्यार्थ्यांनी काठावर बसून पाण्यातल्या आपल्या प्रतिबिंबाला आधी नमस्कार करायचा, मग क्षेमकुशल विचारायचं आणि ते हलायचं थांबेपर्यंत वाट पाहायची. ज्याचं प्रतिबिंब आधी स्थिर होई त्याचं मन शुद्ध. एकदा सात पेन्शनर असे वाकून बसलेले असताना वरच्या अंगाला म्हशी पाण्यात उतरल्या. मामासाहेबांनी वहीत नोंद केली: 'म्हशींमुळे सर्वांचे मन अशुद्ध. वर्ग बरखास्त.'

तिसऱ्या वर्षाच्या तेलाचा खुलासा इथेच करतो. दर शनिवारी गल्लीतून एक माणूस शनीची लोखंडी मूर्ती तेलाच्या डब्यात ठेवून फिरे. बायामाणसं वाटीतल्या तेलात आपलं तोंड पाहत आणि ते तेल त्याच्या डब्यात ओतत. तेलात उतरलेलं तोंड दान केलं की मागची पीडा जाते, अशी समजूत. मामासाहेबांना हे बघवत नसे. "आपलंच तोंड असं दारोदार सोडून देतात! एकालाही त्याची दया येत नाही?" त्यांनी शनीवाल्याशी ठराव केला. घरातलं कोरं तेल त्याला द्यायचं आणि तेवढंच दानाचं तेल त्याच्याकडून घ्यायचं. हे तेल एका पत्र्याच्या डब्यात साठवलं जाई. तृतीय वर्षाचे विद्यार्थी डब्याभोवती बसून आत पाहत आणि सोडून दिलेल्या तोंडांना धीर देत.

इथवरचं सगळं हसण्यावारी नेण्याजोगं आहे, आणि गावाने ते तसंच नेलं. चौथ्या वर्षाच्या काचेचं मात्र वेगळं होतं. मामासाहेबांचा दावा असा, की दिवाणखान्यात या आरशासमोर जो जो उभा राहिला तो तो आत आहे. राजेसाहेब आहेत, तसे पहारेकरी, चोपदार, पाणकेही आहेत. फक्त बोलावायची रीत ठाऊक हवी. या रीतीला ते 'आवाहन' म्हणत.

आवाहन मी पहिल्यांदा पाहिलं ते बडा गणपतीजवळच्या एका कंपाउंडरचं. त्याचे आजोबा राजवाड्यावर पहारेकरी होते. घरात त्यांचा फोटो नव्हता. शिपायांचे फोटो कोण काढतो? कंपाउंडर आपल्या म्हाताऱ्या आईला घेऊन आला होता. मामासाहेबांनी त्याला आरशासमोर उभं केलं. "डाव्या पायावर भार द्या. त्यांचा उजवा गुडघा दुखायचा. हनुवटी वर. एवढी नको, ते काही सुभेदार नव्हते. आता भाला असा धरा, की कंटाळा आलाय पण साहेबांना दिसू द्यायचा नाही." कंपाउंडरने छत्री भाल्यासारखी धरली. मागे बसलेली त्याची आई एकदम उभी राहिली, डोक्यावरचा पदर पुढे ओढला आणि म्हणाली, "मामंजी!"

"दिसले?" मी कंपाउंडरला विचारलं.

"पूरे नहीं दिखे, भिया. नाक दिसलं. आणि कंटाळा."

मी आरशात पाहिलं होतं. मला कंपाउंडर दिसला. त्याच्या आईला कोण दिसलं याची पुष्टी मी करू शकत नाही.

त्यानंतर माणसं येत राहिली. जुन्या शिपायांची, हुजऱ्यांची, माळ्यांची नातवंडं, म्हणजे आताचे मास्तर, कारकून, गिरणीतले फिटर. मामासाहेबांनी तीस वर्षं काच पुसता पुसता आत कोण कसं उभं राहतं एवढंच पाहिलं होतं. नावं ते विसरत. खांदे विसरत नसत.

त्या उन्हाळ्यात सरकारचं पत्र आलं. राज्य लवकरच नव्या मोठ्या राज्यात जायचं होतं, त्यामुळे चीजवस्तूंची मोजदाद चालू होती. राजवाड्यातून तात्पुरत्या बाहेर गेलेल्या आणि वापरात नसलेल्या सर्व सरकारी वस्तू गोदामात जमा कराव्यात, असा हुकूम होता. यादीत आरसा होता. मामासाहेबांनी पत्र तीनदा वाचलं आणि त्या दिवशी ते जेवले नाहीत. "गोदामात आरसा भिंतीकडे तोंड करून ठेवतात," ते मला म्हणाले. "जावईबापू, एवढी माणसं भिंतीकडे तोंड करून!" आरसा ठेवून घ्यायचा तर विद्यालय ही खरी शाळा आहे हे सरकारने मानलं पाहिजे, असं त्यांनी ठरवलं आणि मान्यतेसाठी अर्ज केला. त्या अर्जावरून इन्स्पेक्टर आले. हजर राहून बातमी घ्यायला मामासाहेबांनी मला सांगितलं होतं.

इन्स्पेक्टर पस्तिशीचे, टाय लावलेले, भरघोस मिशीचे, मोजकं बोलणारे. त्यांनी वही उघडली.

"फळा कुठे आहे?"

"आरसा आहे."

"पटावर विद्यार्थी किती?"

"अकरा."

"आज हजर?"

"बावीस," मामासाहेबांनी आरशाकडे हात केला.

इन्स्पेक्टरांनी लिहिता लिहिता पेन थांबवलं. "अभ्यासक्रम कोणी मंजूर केला आहे?"

"आजवर कोणी हरकत घेतलेली नाही. आतूनही नाही."

प्रकरण हाताबाहेर जातंय हे मामीसाहेबांनी स्वयंपाकघरातून ओळखलं आणि कढई चढवली. भजी आली. इन्स्पेक्टरांनी आधी नको म्हटलं, मग एक घेतलं, मग वही मिटली. बटाट्याची होती, कांद्याची होती. मामासाहेबांचा शनिवारचा उपास असल्याने ते नुसते पाहत बसले होते. पाहता पाहता त्यांची नजर फळीवर गेली. पत्र्याचा डबा जागेवर नव्हता. ते उठून उभे राहिले.

"साहेब, एक निवेदन आहे. ही भजी तृतीय वर्षाच्या तेलात तळलेली आहेत."

इन्स्पेक्टरांना अर्थ लागला नाही. मामासाहेबांनी तो शनीवाल्यापासून सुरुवात करून नीट समजावून सांगितला. न सांगता भागलं असतं. आरसा वाचला असता. पण आरशासमोर खोटं बोलायचं नाही हा विद्यालयाचा नियम क्रमांक एक होता.

"दानाचं तेल?" इन्स्पेक्टरांचा आवाज बारीक झाला. "शनीचं?"

"साधारण तीन महिन्यांचं."

आतून मामीसाहेब बाहेर आल्या. "तर मी काय करू? घरचं तेल हे त्या शनीवाल्याला देऊन बसले. डब्बा खाली, थेंब नाही, साहेब दारात. फळीवर जे होतं ते घेतलं, बस! मला थोडीच ठाऊक, की त्यात वर्ग भरतो म्हणून."

इन्स्पेक्टरांनी अर्धं भजं बशीत ठेवलं. "अहो, माझी स्वतःची साडेसाती चालू आहे. अडीच वर्षं अजून बाकी आहेत. त्यात ही आणखी किती जणांची?"

मामासाहेबांनी बशीकडे पाहून अंदाज घेतला. "नक्की सांगता येत नाही. लोक एकमेकांत मिसळलेले आहेत."

"साहेब, काही नाही होत," मामीसाहेब म्हणाल्या. "परवाची थालीपिठंपण त्यातच लावली होती. हे तीन खाऊन उठले."

मामासाहेबांनी खुर्चीचा आधार घेतला. मग ते म्हणाले की यावर उपाय आहे. आत गेलेली तोंडं मोठ्या आरशासमोर बसलं की निघून जातात, मात्र आपल्या घरचं कोणी आरशात असेल तर लवकर जातात. "तुमच्या घरचं कोणी राजवाड्यात होतं?"

इन्स्पेक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. "हे छापायचं नाही." मी वही मिटली. पुढे अनेक वर्षांनी त्यांनीच परवानगी दिली, म्हणून आता लिहितो आहे.

"वडील होते," ते म्हणाले.

"कुठल्या खात्यात?"

"छताच्या कापडी पंख्यावर. दोरी ओढायला." टायची गाठ त्यांनी उगाच सारखी केली. "मी दोन वर्षांचा होतो, तेव्हा गेले. फोटो नाही."

"राहायला कुठे होता तुम्ही?"

"बडा गणपतीच्या मागे."

"म्हणजे तिसऱ्या खिडकीखाली बसायचे ते. डावखुरे." मामासाहेबांचा चेहरा उजळला. "या, खाली बसा."

इन्स्पेक्टर टायसकट जमिनीवर बसले. मामासाहेबांनी त्यांची पाठ भिंतीला टेकवली, एक गुडघा उभा केला, डावा हात वर धरायला लावला. "ओढा. सावकाश. घाई करायची नाही, दिवस मोठा आहे. डोळे मिटू नका. मिटल्यासारखे ठेवा." इन्स्पेक्टर नसलेली दोरी ओढू लागले. खोलीत पंखा नव्हता. मामीसाहेबांनी पदराने वारा घ्यायचा थांबवला.

"असे?" इन्स्पेक्टरांनी विचारलं.

"असेच. फक्त ते हसत असत."

"हसत? का?"

"समोर आरसा. दिवसभर स्वतःलाच पाहायचं. दुसरं करमणुकीला काय होतं तिथे?"

इन्स्पेक्टर हसले. मामासाहेब आरशाकडे वळले, किंचित वाकले आणि म्हणाले, "फार दिवसांनी आलात आपण."

मी घड्याळ पाहिलं होतं. इन्स्पेक्टर अकरा मिनिटं तसेच बसून होते. उठल्यावर त्यांनी रुमालाने तोंड पुसलं आणि विचारलं, "आईला उद्या आणलं तर चालेल?"

"उद्या रविवार. विद्यालय बंद असतं."

"आणा हो साहेब, बिनधास्त आणा," मामीसाहेब म्हणाल्या. "ह्यांचं काय ऐकता? आणि उद्या पोहे करीन, तेलाची चिंता नको. बाजारातून नवं आणते."

रविवारी इन्स्पेक्टरांच्या आई आल्या. मुलगा दोरी ओढत बसला. त्यांनी आरशात पुष्कळ वेळ पाहिलं आणि एवढंच म्हणाल्या, "त्यांना मिशी नव्हती." सोमवारी इन्स्पेक्टर कचेरीत मिशी काढून आले. शिक्षणखात्यातल्या दोन कारकुनांनी याची पुष्टी केली आहे.

तपासणीचा अहवाल दोन वाक्यांचा होता. त्याची नक्कल मी पाहिली आहे. 'संस्था शैक्षणिक मान्यतेस पात्र नाही. आरसा वापरात आहे.' हुकूम फक्त वापरात नसलेल्या वस्तूंचा होता. यादीतून आरशाचं नाव खोडलं गेलं.

मामासाहेबांनी पेढे वाटले. पण चार दिवसांनी ते आमच्या घरी आले. चादर टाकायला आम्ही विसरलो होतो, तरी निघताना ते सरळ पाठ करून चालू लागले आणि दारात थांबले. त्यांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू वाढत होता. कपाटात आरसा आहे हे त्यांना दिसलंच नव्हतं.

"जावईबापू," ते म्हणाले, "काच राहिली. पण कोण कुठे, कसा उभा राहायचा, हे माझ्यानंतर कोण सांगणार? मग आत जाऊनही कोणाला कोणी भेटायचं नाही. तुमचा धंदाच लिहायचा आहे. लिहून घ्या."

पावसाळाभर मी रोज सकाळी कचेरीत जाण्याआधी त्यांच्याकडे जात असे. ते आरशाकडे तोंड करून बसत, डोळे मिटत आणि सांगत. मी काही सुचवायचं नाही, शोभा आणायची नाही, अशी अट होती. ती मला जड गेली नाही. नोंदी अशा आहेत: 'उत्तर दाराचा पहारेकरी. हात मागे. जांभई नाकाने देतो.' 'पाणक्या, वयस्कर. घागर खाली ठेवल्यावर कमरेला हात लावून छताकडे पाहतो.' 'माळी. आरशासमोरून जाताना पागोटं सरळ करतो. मग कोणी पाहिलं का ते पाहतो.' दोन वह्या भरल्या. दसऱ्याच्या आदल्या सकाळी मामासाहेब म्हणाले, "झालं. संपले सगळे."

मामीसाहेब दारात गहू निवडत बसल्या होत्या. "तुमचं राहिलं," त्या म्हणाल्या.

"माझं काय? मी तिथे उभा नसे. मी पुसायला असे."

"मग तेच लिहा. जावईबापू, लिहा हो तुम्ही."

मी मामासाहेबांना विचारलं, पुसताना तुम्ही कसे दिसत होता? ते बराच वेळ आठवत राहिले. "कसा दिसणार? मी मान वर करत नसे." मग त्यांनी मामीसाहेबांच्या दिशेने तोंड फिरवलं. "तुला ठाऊक आहे?"

"चाळीस वर्षं पाहते आहे," मामीसाहेब म्हणाल्या. "मला नाही ठाऊक, तर काय त्या पहारेकऱ्याला?"

त्यांनी सांगितलं. मध्ये मामासाहेब एकदा "काहीतरीच!" म्हणाले. मी एकही शब्द बदलला नाही. वही पूर्ण झाल्यावर मामासाहेबांनी ती हातात घेतली, वजन पाहिलं आणि आरशाच्या चौकटीमागे ठेवून दिली.

मामासाहेब पुढच्या पौषात वारले. दुसऱ्या वहीतली शेवटची नोंद मामीसाहेबांच्या शब्दांत आहे: 'आरसे पुसणारा. उजवा खांदा खाली. काचेवर फुंकर घालतो, मग पुसतो, मग पुन्हा फुंकर घालतो. जिभेचं टोक बाहेर असतं. आपल्याला कोणी पाहत असेल, हे त्याच्या मनातही नाही.'